‘न्यूट्रल’ शब्दाचा घोळ आणि १९८० ची जखम

जून २०२५ ला ऑलिम्पिकच्या अध्यक्षपदावरून उतरलेल्या थॉमस बाख या जर्मन फेन्सरबद्दल (तलवारबाजाबद्दल) बोलताना सगळे रशियावर येऊन थांबतात, पण त्याची सुरुवात डुसेलडॉर्फमधल्या एका मतदानात आहे. मॉन्ट्रियलला १९७६ मध्ये टीम फॉइलचं (फेन्सिंगचा एक प्रकार) गोल्ड घेतलेल्या या माणसाला मॉस्कोत ते राखायचं होतं, पण अफगाणिस्तानात सोव्हिएत फौजा घुसल्या आणि १५ मे १९८० ला पश्चिम जर्मनीच्या समितीने ५९ विरुद्ध ४० मतांनी न जायचं ठरवलं. हा तेव्हा खेळाडूंचा प्रतिनिधी, आम्हाला जाऊ द्या म्हणून बोलला, कोणी ऐकलं नाही. फ्रान्सवाले गेले आणि तेच गोल्ड घेऊन आले. फौजा मात्र १९८९ पर्यंत तिथेच होत्या.

नंतर वकिली, १९९१ ला ऑलिम्पिक समितीत, २०१३ ला अध्यक्ष.

आता ‘न्यूट्रल’, म्हणजे स्वतःच्या देशाच्या झेंड्याशिवाय खेळणं. आपल्याकडे पेपरवाले सगळ्यालाच न्यूट्रल म्हणून मोकळे होतात, पण यात रशियाची दोन वेगळी प्रकरणं आहेत. २०१८ ची प्योंगचांग आणि नंतरची टोकियो ही शिक्षा डोपिंगची होती, झेंडा-राष्ट्रगीत बंद पण टीम चालू, प्योंगचांगला हॉकीचं गोल्ड घेताना वर ऑलिम्पिकची धून वाजत होती आणि खाली खेळाडू स्वतःचं राष्ट्रगीत गात होते. पॅरिसचं (२०२४) न्यूट्रल युक्रेनवरच्या युद्धामुळे. तिथे टीमला प्रवेशच नाही, एकेकट्याने यायचं, आणि सैन्याशी करार असेल किंवा युद्धाला उघड पाठिंबा दिला असेल तर बाहेर. म्हणजे पहिल्या प्रकरणात झेंडा तपासला, दुसऱ्यात माणूस. मला दुसरी पद्धत जास्त न्याय्य वाटते, पण दोन्हीला एकच शब्द वापरल्याने भांडणं वाढली हे खरंच.

आणि ही पद्धत अडकली ती बाखच्याच खेळात, फेन्सिंगमध्ये. जुलै २०२३, मिलान वर्ल्ड चॅम्पियनशिप, युक्रेनच्या सेबर (फेन्सिंगचाच दुसरा प्रकार, त्यातली तलवारही) खेळाडूने न्यूट्रल म्हणून आलेल्या रशियनला हरवलं, हात मिळवायच्या जागी सेबरचं टोक पुढे केलं. समोरची रशियन खेळाडू खुर्ची घेऊन पिस्टवरच (लढतीच्या पट्टीवरच) बसून राहिली. तेव्हाच्या नियमात हात मिळवणं सक्तीचं होतं, म्हणून जिंकलेलीच डिसक्वालिफाय! दुसऱ्याच दिवशी ऑलिम्पिकचे अध्यक्ष बाख यांनी तिला पत्र लिहून पॅरिसची जागा कबूल केली. पक्षपात म्हणून ओरड झाली, पण मला ते पत्र बरोबरच वाटतं, कारण खेळाडूची जागा राजकारणात गेली की काय होतं हे त्यांना चांगलं ठाऊक होतं.

त्याच ऑक्टोबरमध्ये आपल्या मुंबईत ऑलिम्पिक समितीची बैठक झाली, क्रिकेट लॉस एंजेलिस २०२८ मध्ये आलं म्हणून तेवढीच लोकांच्या लक्षात राहिली. पण तिथेच रशियाची समिती सस्पेंड झाली, कारण तिने युक्रेनच्या व्यापलेल्या चार प्रांतांतल्या क्रीडा संघटना स्वतःत घेतल्या होत्या. काही सदस्यांनी अध्यक्षांना अध्यक्षपदाची १२ वर्षांची मर्यादा वाढवून घ्या म्हणूनही सुचवलं, पुढच्या ऑगस्टमध्ये त्यांनी नको म्हणून सांगितलं.

पॅरिसला रशियाचे १५ आणि बेलारूसचे १७ न्यूट्रल आले. आणि त्या सेबरवालीने एक ब्राँझ आणि टीमचं गोल्ड घेतलं.