रूलेटचं चाक आणि वर्गमूळ

कॅसिनोवाले चाकाखाली लोहचुंबक लावून फसवतात, असं छातीठोकपणे सांगणारे बरेच भेटतात. अहो, कशाला लावतील? रूलेट म्हणजे फिरत्या चाकावर सोडलेली गोळी कोणत्या कप्प्यात थांबेल, यावर पैज लावायचा जुगार. युरोपीय रूलेटच्या चाकावर ३७ कप्पे असतात. १८ लाल, १८ काळे आणि शून्याचा एक हिरवा. लालवर एक चकती (कॅसिनोत पैशांऐवजी वापरतात ती) लावली, की ३७ पैकी १८ वेळा एक चकती मिळते आणि १९ वेळा हातची जाते. म्हणजे दर डावाला सरासरी १/३७ चकती, सुमारे २.७ टक्के, कॅसिनोच्या गल्ल्यात. अमेरिकी चाकावर शून्यं दोन, म्हणून तिथे ५.२६ टक्के.

मग काही जण जिंकून कसे येतात? मला सगळ्यात आवडणारी गोष्ट इथेच आहे. सरासरी तोटा डावांच्या संख्येच्या प्रमाणात वाढतो. नशिबाचे चढउतार मात्र एकमेकांना बरेचसे खोडत जातात, म्हणून ते त्या संख्येच्या फक्त वर्गमुळाच्या प्रमाणात वाढतात. १०० डावांत अपेक्षित तोटा २.७ चकत्या, तर चढउतार (प्रमाण विचलन) १० चकत्यांच्या आसपास. त्या गदारोळात २.७ कुणाला दिसणार? १०,००० डावांत तोटा २७०, चढउतार १००. दहा लाख डावांत तोटा २७,०००, चढउतार जेमतेम १,०००! एकटा माणूस शंभर डाव खेळून उठतो, त्याच्यासाठी तो जुगार. कॅसिनो सगळ्यांचे मिळून लाखो डाव खेळतो. त्याचा जुगार उरतच नाही.

‘आता लाल यायलाच हवा’ हा भ्रम वेगळाच. १८ ऑगस्ट १९१३ ला मोनॅकोतल्या माँटे कार्लोच्या कॅसिनोत काळा सलग २६ वेळा आला आणि लालवर पैसे ओतणारे धुऊन निघाले. चाकाला स्मरणशक्ती नसते. सत्ताविसाव्या वेळीही काळ्याची शक्यता १८/३७ च होती. ‘लकी नंबर’ विकणाऱ्या ज्योतिषांनाही हे लागू.

हरल्यावर पैज दुप्पट करण्याची ‘हमखास’ युक्ती इंटरनेटवर विकली जाते. टेबलावरची पैजेची कमाल मर्यादा ती कधीतरी अडवतेच. समजा, एका चकतीपासून सुरू करून दहा डावांपर्यंत दुप्पट करता आलं. दहाही सलग हरण्याची शक्यता साधारण ७८४ त एक. म्हणजे सरासरीने ७८३ वेळा एकेक चकती मिळते, आणि उरलेल्या एका वेळी १,०२३ जातात.