नृत्यमाहितीपट

नृत्य, ते करणारी माणसे आणि त्यामागचे संगीत हा विषय असलेला माहितीपट. प्रेक्षागृहात मागे कॅमेरा लावून केलेले प्रयोगाचे चित्रण यात सहसा धरत नाहीत. कॅमेरा कुठे उभा राहील आणि काय गाळले जाईल, हे ठरवायला लागल्यावरच नृत्यमाहितीपट सुरू होतो.

खरी अडचण चौकटीची असते. कथकच्या तत्कारात, म्हणजे पायांच्या ठेक्यात, पाय दिसायला हवेत, पण अभिनयात सगळा खेळ डोळ्यांचा. कॅमेरा जवळ नेला की पाय गेले, लांब नेला की डोळे गेले. संकलनाचीही तीच गत. तिहाई (तीनदा म्हणून समेवर येणारा बोलांचा तुकडा) चालू असताना मध्येच दृश्य बदलले तर सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, कानाला मिळते, डोळ्याला चुकते. ताल न कळणाऱ्या संकलकाचे काम इथे लगेच उघडे पडते. १९६०च्या सुमारास हलके १६ मिमी कॅमेरे आणि त्यांच्याशी जुळून चालणारी ध्वनिमुद्रणयंत्रे आली. तोवर चित्र आणि आवाज बहुधा वेगवेगळे घेऊन मागाहून जुळवत. घुंगरांच्या बाबतीत ही जुळणी फार अवघड.

या वाटेवरच्या सुरुवातीच्या कलावंतांपैकी एक म्हणजे अमेरिकन नर्तकी व मानवशास्त्रज्ञ कॅथरीन डनहॅम. १९३५-३६ मध्ये कॅरिबियन बेटांवर अभ्यासासाठी फिरताना त्यांनी तिथली नृत्ये चित्रित केली आणि पुढे ती सामग्री रंगमंचावर वापरली. त्यांच्याकडे काही काळ साहाय्यक असलेल्या माया डेरेन यांनी १९४५ मध्ये नर्तक टॅली बीटी यांच्यासोबत एक मूक लघुपट केला. त्यात नर्तक रानात पाय उचलतो आणि टेकवतो तो घरातल्या खोलीत. पायाची हालचाल एकच, मधली जागा मात्र कात्रीने गायब केलेली. याच डेरेन १९४७ पासून हैतीत वोडू या तिथल्या लोकधर्माचे विधी आणि त्यातले नाच टिपत राहिल्या, पण तिथे असली कात्री चालवणे त्यांना पटेना. तो चित्रपट त्यांच्या हयातीत पुरा झाला नाही. १९५३ मध्ये आले ते पुस्तक.

फ्रेंच मानवशास्त्रज्ञ ज्याँ रूश यांनी १९७१ मध्ये नायजरमधल्या सिमिरी गावी ढोलांच्या साथीने चाललेला अंगात येण्याचा विधी सुमारे दहा मिनिटांच्या एकाच अखंड दृश्यात टिपला. कॅमेरा घेऊन ते स्वतः नाचणाऱ्यांमध्ये फिरत होते. आपल्या चित्रणामुळेच अंगात येणे घडले असावे, असे त्यांचे म्हणणे.

भारतातले ठळक उदाहरण म्हणजे सत्यजित राय यांचा ‘बाला’ (१९७६). भरतनाट्यम् नर्तकी बालसरस्वती या वीणावादक धनम्माळ यांच्या नात. नाचताना त्या स्वतः गातही असत, त्यामुळे त्यांच्याबाबत नृत्य आणि गाणे वेगळे काढताच येत नाही. चित्रणाच्या वेळी त्या पन्नाशीच्या पुढे होत्या. ऐन उमेदीतले त्यांचे नृत्य पडद्यावर आले नाही, ही रुखरुख राहतेच. ‘कृष्णा नी बेगने बारो’ या पदासाठी राय यांनी त्यांना समुद्रकिनारी उभे केले. वारा वस्त्र ओढतो आहे, मागे लाटा चालू आहेत आणि बाई मात्र शांतपणे हाताने कृष्णाला बोलावत आहेत. वाऱ्याने नृत्याचा विरस केला असे काहींना वाटते. पण हातांवरून नजर हलत नाही, हेही खरे.