तेलुगू सिनेमाचा हिंदी आवाज : पार्श्वभूमी

पहिला तेलुगू बोलपट मुंबईत चित्रित झाला. एच. एम. रेड्डी यांचा 'भक्त प्रह्लाद' (१९३२) करायचा तर बोलपटाची यंत्रणा होती मुंबईत, म्हणून सुरभी या तेलुगू नाट्यपरंपरेतले कलाकार इथे आले. पुढची काही दशके या धंद्याचे घर मद्रास होते. हैदराबादेत १९७६ मध्ये अन्नपूर्णा स्टुडिओ आणि १९९६ मध्ये रामोजी फिल्म सिटी उभी राहिली, तोवर मुक्काम बराचसा तिकडे सरकला होता.

आज यूट्यूबवर कोट्यवधी वेळा पाहिले जाणारे हिंदी डब चित्रपट आले ते मात्र टीव्हीच्या वाटेने. नागार्जुनचा 'मास' (२००४) 'मेरी जंग : वन मॅन आर्मी' या नावाने हिंदीत आणला गोल्डमाइन्स या कंपनीने. पाठोपाठ असे चित्रपट हिंदी वाहिन्यांवर सतत दिसू लागले आणि नंतर तेच यूट्यूबवर चढले. प्रेक्षक आधीच तयार होता.

डबिंगचे काम वाटते त्याहून किचकट आहे. तेलुगू आणि हिंदी, दोन्हींत क्रियापद शेवटी येते, त्यामुळे वाक्याची चाल जुळते. ओठ जुळत नाहीत. तेलुगूत 'लेदु' म्हणताना शेवटी ओठ गोल होतात, हिंदी 'नहीं'ला ते फाकतात. लाँग शॉटमध्ये हे खपून जाते, क्लोजअपमध्ये लगेच डोळ्यांत येते. म्हणून संवादलेखक आधी प, ब, म या ओठमिटीच्या जागा हेरतो आणि तिथे तसेच अक्षर येईल असा शब्द शोधतो. अर्थ थोडा हलला तरी चालतो, पण ओठ मिटलेले असताना 'आ' ऐकू आला की प्रसंग कोसळतो.

दुसरी अडचण आवाजाची. संगीत आणि ध्वनिपरिणामांचा ट्रॅक वेगळा मिळाला तर ठीक. नाही मिळाला तर मूळ संवाद काढताना पावले, दार, पाऊस सगळेच जाते आणि ते नव्याने भरावे लागते. घाईत केलेले डबिंग इथेच पकडता येते : पात्र बोलू लागले की पाऊस थांबतो, गप्प झाले की पुन्हा सुरू.

या कामात मराठी माणसांचा वाटा मोठा आहे, आणि तो पुरेसा सांगितला जात नाही. अल्लू अर्जुनच्या अनेक डब चित्रपटांना संकेत म्हात्रे यांचा आवाज आहे, 'पुष्पा'ला (२०२१) श्रेयस तळपदेंचा, तर 'बाहुबली'तल्या प्रभासला शरद केळकरांचा.

गाण्यांना मात्र भाषांतर लागलेच नाही. 'अल वैकुंठपुरमुलो' जानेवारी २०२० मध्ये आला, पण त्यातले 'सामजवरगमन' सप्टेंबर २०१९ मध्येच लिरिकल व्हिडिओ म्हणून ऑनलाइन होते. अशा व्हिडिओत शूटिंग संपण्याची वाट पाहावी लागत नाही. शब्द, काही स्थिरचित्रे आणि गायकाची झलक एवढ्यावर भागते. त्याच चित्रपटातल्या 'बुट्टा बोम्मा'वर तर लॉकडाउनमध्ये क्रिकेटपटू डेव्हिड वॉर्नर नाचला.

याच काळात तेलुगू यूट्यूबवर आणखी एक मोलाची गोष्ट घडली. सिनेमात तेलंगणाची बोली बराच काळ खलनायकाच्या किंवा विनोदी पात्राच्या तोंडी असे. जगित्याल जिल्ह्यातल्या लंबाडिपल्ली गावातून २०१२ मध्ये सुरू झालेल्या 'माय व्हिलेज शो'ने तीच बोली मुख्य पात्रांना दिली. त्यातल्या गंगव्वा या शेतमजूर आजी २०१९ च्या 'ईस्मार्ट शंकर'मध्ये दिसल्या, त्याही आपल्याच बोलीत बोलताना.