कानवला भरून तळतात, कानोलो तळून भरतात

घरच्या ग्रुपवर परवा एक फॉरवर्ड आला: इटलीतली ‘कानोली’ (गोड सारण भरलेली तळलेली नळी) म्हणजे आपला कानवलाच, शब्द इथूनच तिकडे गेला. ऐकायला झकास, पण तसं काही नाही. कानोलो (अनेकवचन कानोली) हा शब्द ‘कान्ना’वरून आला. कान्ना म्हणजे बोरूसारखं पोकळ गवत. सिसिली या इटलीच्या बेटावर पूर्वी त्याच्या कांडीवर पारी गुंडाळून तळत. आता धातूच्या नळ्या मिळतात. उच्चार जुळला की सोयरीक जुळवायची ही आपली जुनी खोड.

मला त्यात रस वाटला तो वेगळ्याच कारणाने. कानवला भरून तळतात आणि कानोलो तळून भरतात. असं उलटं का?

कानोलीची खरी शान म्हणजे पारीवरचे फोड. पीठ मैद्याचं, घट्ट. त्यात थोडी साखर, थोडी चरबी (तिकडे डुकराची, मी तूप घातलं) आणि मार्साला ही सिसिलीचीच वाइन. ‘अल्कोहोल ७८ अंशांनाच उकळतो, म्हणून फोड येतात’ असं सर्रास सांगितलं जातं. जरा हिशोब करू. मार्सालात अल्कोहोल साधारण १८ टक्के, बाकी बहुतेक पाणीच. त्यात पाण्याचा रेणू हलका, रेणुभार १८, अल्कोहोलचा ४६. वायूचं आकारमान रेणूंच्या संख्येवर ठरतं, वजनावर नाही. म्हणून एक ग्रॅम पाण्याची वाफ होते जवळपास १.७ लिटर, तर एक ग्रॅम अल्कोहोलची जेमतेम ०.६ लिटर. म्हणजे फोड उठवते ती मुख्यतः पाण्याचीच वाफ. वाइनचं काम वेगळं: तिच्यातलं आम्ल आणि अल्कोहोल ग्लुटेनचा (मैद्यातल्या चिवट प्रथिनाचा) ताण सैल करतात, त्यामुळे पारी लाटताना मागे आखडत नाही आणि कागदासारखी पातळ होते.

१८० अंशांच्या तेलात पारीचा पृष्ठभाग आधी आवळतो. आतल्या पाण्याची वाफ होऊन ती जिथे कच्चा दुवा सापडेल तिथे पापुद्रा उचलते. ग्लुटेन अजून लवचीक असतं, म्हणून पापुद्रा फाटत नाही, फुगतो. आणि खाली बसण्याआधीच सुकून कडक होतो. पुरीत हाच खेळ एका मोठ्या फुग्यात होतो, इथे शंभर ठिकाणी. मोहन जास्त झालं तर वाफ कोंडून धरणारा सलग पापुद्राच राहत नाही: पारी खुसखुशीत होते, पण फोड गायब. करंजीत आपण नेमकं हेच मुद्दाम करतो.

आता सारण. रिकोटा म्हणजे ‘पुन्हा शिजवलेलं’. चीज काढून उरलेली निवळी परत तापवली की तिच्यातली प्रथिनं साकळतात, तो हा रिकोटा. सिसिलीत तो मेंढीच्या दुधाचा. कितीही निथळला तरी त्यात निम्म्याहून जास्त पाणीच. कानवल्यात सुकं खोबरं आणि पिठीसाखर असते, म्हणून तो निमूट तळला जातो. रिकोटा भरून तळला तर वाफेने पारी उसवेल आणि तेल अंगावर उडेल.

नंतर भरला तरी पाणी स्वस्थ बसत नाही. तळून सुकलेला स्टार्च काचेसारखा असतो: रेणूंच्या साखळ्या जागच्या जागी थिजलेल्या, म्हणून दाताखाली कडकन तुटतो. पाण्याचे रेणू मध्ये शिरले की साखळ्या एकमेकींवरून घसरू लागतात आणि काचेचं रबर होतं. मराठीत यालाच सादळणं म्हणतात. म्हणून सिसिलीतले चांगले दुकानदार गिऱ्हाईक समोर आल्यावरच कानोलो भरतात. काही जण पारीला आतून चॉकलेटचा हात देतात. चॉकलेटमधली चरबी पाणी अडवते.

माझा पहिला घाणा मात्र भौतिकशास्त्राआधीच फसला. पारीचं टोक चिकटवायला लावलेलं अंड्याचं पांढरं नळीवर ओघळलं आणि पारी नळीला जी चिकटली ती तुकड्यांतच निघाली. दुसऱ्या घाण्यातले दोन कानोलो रात्री भरून ठेवले, दोन सकाळी भरले. सकाळचे शेजारच्या खोलीत ऐकू गेले. रात्रीचे चमच्याने खावे लागले.