उन्हात हिंडणारा ड्रॅक्युला

ड्रॅक्युला म्हटलं की डोळ्यांपुढे येतो तो सिनेमातला: काळा झगा, उभी कॉलर, चोपून बसवलेले केस, आणि ऊन लागलं की खेळ खलास. ब्रॅम स्टोकरच्या १८९७ सालच्या कादंबरीत मात्र दार उघडतो तो पांढऱ्या लांब मिशांचा म्हातारा. तळहातावर केस, तोंडाला घाण वास. पुढे तो तरुण होतो आणि लंडनच्या पिकॅडिलीत भरदिवसा दिसतो! दिवसा त्याची शक्ती घटते, एवढंच. उन्हाने मरायचं सुरू झालं ते १९२२च्या ‘नोस्फेरातू’ या जर्मन मूकपटापासून. कॉलर आली नाटकातून. नटाला चोरदारातून गायब होताना डोकं लपवायला ती बरी पडायची.

शेवटही वेगळा. छातीत लाकडी खुंटी ठोकतात ती ल्यूसीच्या, म्हणजे त्याने रक्त पिऊन पिशाच्च केलेल्या तरुणीच्या. काउंट ड्रॅक्युलाच्या गळ्यावर फिरते ती चक्क गुरख्यांची कुकरी.

पण हे झालं वरवरचं. सिनेमातला ड्रॅक्युला सतत समोर असतो, देखणा असतो, म्हणून लवकरच सवयीचा होतो. कादंबरीतला पहिल्या चार प्रकरणांनंतर जवळपास नाहीसाच होतो. त्या चारांत मला सगळ्यात भीतिदायक वाटतो तो भिंतीवरून पालीसारखा खाली डोकं करून उतरणारा काउंट नाही. दाराच्या फटीतून हार्करला, म्हणजे वाड्यात पाहुणा आलेल्या तरुण इंग्रज वकिलाला, तो जेवणाचं टेबल मांडताना दिसतो, तो. म्हणजे एवढ्या मोठ्या वाड्यात नोकर एकही नाही. मग आपल्याला इथवर घेऊन आला तो गाडीवान कोण होता?

त्यानंतर उरतात नुसते कागद: रोजनिशा, पत्रं, तारा, वर्तमानपत्रातली कात्रणं. इंग्लंडच्या किनाऱ्यावरच्या व्हिटबी गावात झोपेत चालत गेलेल्या ल्यूसीला तिची मैत्रीण मीना रात्री शोधून काढते, तिच्या अंगावर शाल गुंडाळते आणि गळ्याशी सेफ्टी पिन लावते. सकाळी ल्यूसीच्या गळ्यावर टोचल्याच्या दोन बारीक खुणा. ‘माझ्याच हातून पिन लागली असणार,’ असं मीना रोजनिशीत लिहून मोकळी होते. आपण आधीची पानं वाचलेली असतात, तिने नाही. सव्वाशे वर्षं झाली तरी त्या ओळीपाशी वाचणाऱ्याला ओरडावंसं वाटतं, आणि मीना शांतपणे पुढची तारीख घालते.