अनुभवाची अट (सरकारी नोकरभरती)

सरकारी व सार्वजनिक क्षेत्रातील पदे भरताना शैक्षणिक अर्हतेसोबत ठरावीक वर्षांचा अनुभव मागितला जातो. ती अट उमेदवाराने पुरी केली की नाही, यावरून होणारे वाद भारतातील सेवाविषयक खटल्यांत सतत आढळतात. अट बहुधा सेवाप्रवेश नियमांत असते; जाहिरात त्यांना धरून निघावी अशी अपेक्षा असते. वाद उभा राहतो तो संविधानाच्या अनुच्छेद १४ व १६ मधील समान संधीच्या तत्त्वावर. महाराष्ट्रातील राज्य सरकारी पदांची प्रकरणे आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘मॅट’मध्ये जातात आणि नंतर उच्च न्यायालयात.

वर्षे मोजण्यापेक्षा कोणती वर्षे धरायची, हा प्रश्न अधिक अवघड असतो. पदवीआधीचा अनुभव चालतो का? इंडियन एअरलाइन्सच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की अर्हता आणि अनुभव दोन्ही मागितले असतील तर अनुभव अर्हता मिळवल्यानंतरचाच हवा. मात्र नियमाची शब्दरचना वेगळी असल्यास पदवीपूर्व सेवाही ग्राह्य धरल्याचे निवाडे आहेत, त्यामुळे एका पदाचा निकाल दुसऱ्या पदाला सरसकट लावता येत नाही. अनुभव कोणत्या तारखेपर्यंतचा, याचे उत्तर तुलनेने ठरलेले आहे: नियमात किंवा जाहिरातीत वेगळी तारीख नसेल, तर अर्ज स्वीकारण्याचा शेवटचा दिवस.

कामाच्या स्वरूपावरून झालेल्या वादाचे ठळक उदाहरण महाराष्ट्रातलेच आहे. सहायक आयुक्त (औषधे) आणि औषध निरीक्षक या पदांसाठी औषधांच्या निर्मितीचा किंवा चाचणीचा अनुभव हवा होता. संशोधन व विकास विभागात काम केलेल्या उमेदवारांचा दावा होता, की आमचे कामही त्यातच मोडते. उच्च न्यायालयाने तो मानला. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने लोकसेवा आयोगाचे अपील मान्य करून निकाल फिरवला. पदाला कोणती पात्रता लागते हे नियोक्त्याने ठरवायचे, समकक्षता ठरवणे न्यायालयाचे काम नव्हे, असे त्यात स्पष्ट केले. तर्क पटण्यासारखा आहे, पण जाहिरात ढिसाळ लिहिली असेल तर त्याचा भुर्दंड बहुधा उमेदवारालाच बसतो.

विद्यापीठांत हाच प्रश्न पीएच.डी.च्या काळापुरता येतो. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांनुसार पदवी मिळवण्यात गेलेला काळ अध्यापनाचा अनुभव ठरत नाही. रजा न घेता शिकवत शिकवत संशोधन केले असेल तर ठरतो. कन्नूर विद्यापीठातील सहयोगी प्राध्यापक पदावरून झालेल्या वादात केरळ उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी २०२२ मध्ये एक अर्थ लावला आणि खंडपीठाने २०२३ मध्ये नेमका उलटा.

अर्जांचा ढीग पडला की लोकसेवा आयोग अट वाढवतात. मध्य प्रदेशात कामगार न्यायालयांच्या पीठासीन अधिकाऱ्यांसाठी नियमात पाच वर्षांची वकिली होती. आयोगाने मुलाखतीसाठी साडेसात वर्षांची चाळणी लावली आणि १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती वैध ठरवली. उलट, जाहिरातीत न सांगता अट शिथिल करणे न्यायालयांना खपत नाही. पात्र नसल्याने ज्यांनी अर्जच केला नाही, त्यांच्यावर तो अन्याय होतो, असे १९९० च्या विजयनगरमच्या निवासी शाळेच्या प्रकरणात म्हटले आहे. भरती सुरू झाल्यावर मध्येच पात्रतेचे निकष बदलता येत नाहीत, हे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने पुन्हा सांगितले. मूळ नियमातच किंवा जाहिरातीत तशी मुभा असेल तर गोष्ट वेगळी.

सर्वाधिक कोलांट्या मात्र न्यायाधीशांच्याच भरतीत झाल्या. कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशासाठी तीन वर्षांच्या वकिलीची अट १९९३ मध्ये आली, २००२ मध्ये गेली आणि मे २०२५ मध्ये परतली; आधीच सुरू झालेल्या भरतीला ती लागू नव्हती. जिल्हा न्यायाधीशासाठी अनुच्छेद २३३ मध्ये सात वर्षांच्या वकिलीचा उल्लेख आहे. सेवेत असलेल्या न्यायिक अधिकाऱ्यांना वकिलांच्या थेट भरतीतून अर्ज करता येणार नाही, असा निकाल २०२० मध्ये लागला. ऑक्टोबर २०२५ मध्ये घटनापीठाने तो रद्द केला आणि वकिली व न्यायिक सेवा मिळून सात वर्षे भरली तरी चालतील असे ठरवून राज्यांना नियम दुरुस्त करण्यासाठी तीन महिने दिले.