बोलोन्यातला पास्ता लाटायचा क्लास: ही 'परंपरा' नेमकी किती जुनी?

हल्ली इटलीला जाऊन आलेल्यांच्या फोटोंमध्ये कोलोसियम आणि पिसाचा कलता मनोरा यांच्यामधे एक फोटो हमखास असतो, तो म्हणजे पांढरा एप्रन, नाकाला पीठ आणि हातात भलंमोठं लाटणं. मार्केट टूर प्लस कुकिंग क्लास. मीपण केला, बोलोन्यात, आणि मजा आली हे आधीच सांगून टाकते म्हणजे पुढचं वाचून कुणाला वाटायला नको की बाईला काहीच आवडलं नाही. पण बुकिंग करताना सगळीकडे 'शतकानुशतकांची परंपरा, आजीकडून नातीकडे' वगैरे लिहिलेलं होतं ना, ते डोक्यात राहिलं. आल्यावर जमेल तसं वाचत गेले आणि लक्षात आलं की पास्ता जुना आहे, बाजार तर फारच जुना आहे, पण परक्या माणसाने पैसे भरून त्या घरात शिरायचं आणि पीठ मळायचं हे सगळं जेमतेम पन्नास वर्षांचं आहे.

आधी बाजार. बोलोन्याच्या मुख्य चौकाला लागूनच गल्ल्यांचं एक जाळं आहे, त्याला क्वाद्रिलातेरो म्हणतात, म्हणजे चौकोन. गल्ल्यांची नावं वाचली की मध्ययुगात तिथे कोण बसायचं ते कळतं, व्हिया पेस्केरिए वेक्किए म्हणजे जुना मासळीबाजार, ओरेफिची म्हणजे सोनार, द्राप्पेरिए म्हणजे कापडवाले. आपल्याकडे बोहरी आळी, तांबट आळी असते तसंच. सोनार-कापडवाले बरेचसे गेले, मासळी, भाजी, चीज आणि हॅमवाले राहिले. शहराच्या या खाण्याच्या नादामुळे त्याला 'ला ग्रास्सा' म्हणजे लठ्ठ असं टोपणनाव पडलं (दुसरं टोपणनाव 'विद्वान', कारण युनिव्हर्सिटी १०८८ सालची मानतात). आणि इथे खाण्याच्या बाबतीत नियम करायची खोडही जुनीच, मोर्तादेल्ला नावाचं जे डुकराच्या मांसाचं जाडजूड सॉसेज आहे ते कसं करायचं याचा हुकूम १६६१ साली पोपच्या वतीने कारभार बघणाऱ्या कार्डिनलने काढला होता.

बाजारात शिरल्या शिरल्या आमच्या शिकवणाऱ्या बाईंनी पहिली सूचना दिली ती अशी की फळाला हात लावायचा नाही. टोमॅटो दाबून बघायची आपली सवय तिथे चालत नाही, विकणाऱ्याला सांगायचं आज खायचंय की परवा, तो निवडून देतो. हॅमच्या दुकानात नंबरचा कागद फाडून उभं राहायचं आणि पावशेर-अर्धा पाव नाही, 'एत्तो' मागायचं, एक एत्तो म्हणजे शंभर ग्रॅम. हे सगळं बघताना वाटतं आपण खऱ्या जुन्या बाजारात आहोत, आणि आहोतच, पण त्याच चौकोनातला मेर्कातो दि मेझ्झो नावाचा छपराखालचा बाजार २०१४ मध्ये पुन्हा उघडला तो खाऊगल्ली म्हणून, भाजीसाठी नाही. फ्लॉरेन्सलाही नेमकं त्याच वर्षी तेच झालं, सान लोरेन्झोचा तो लोखंड आणि काचेचा मोठा बाजार (१८७४, ज्याने मिलानची प्रसिद्ध गॅलरी बांधली त्या मेंगोनीचाच) त्याचा वरचा मजला फूड कोर्ट झाला. फ्लॉरेन्सवाल्यांचा मूळ जुना बाजार तर या फूड कोर्टच्या कितीतरी आधी, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी, शहर 'नीटनेटकं' करायच्या नादात पाडून तिथे चौक केला. म्हणजे बाजार टुरिस्टांनी बिघडवला असं म्हणणाऱ्यांनी जरा दमानं घ्यावं, बाजार हलवायचं काम गाववालेही करत आलेत.

आता पास्ता. बोलोन्याचा पास्ता अंड्याचा असतो, पाणी नाही, शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं एवढंच माप. याचं कारण जमिनीत आहे. उत्तरेत पो नदीच्या खोऱ्यात मऊ गहू पिकतो, दक्षिणेत ड्युरम म्हणजे कडक गहू, तो नुसत्या पाण्यात भिजवून आकार देऊन उन्हात वाळवला की महिनोन्महिने टिकतो. ड्युरम म्हटल्यावर परका वाटेल पण आपला बन्सी गहू त्याच जातीतला, आणि उन्हाळ्यात गच्चीवर शेवया वाळत घालणाऱ्या आपल्या आज्या आणि नेपल्सच्या रस्त्यावर बांबूवर मॅकरोनी वाळत घालणारे लोक, दोघांना गहू एकच गोष्ट सांगत होता. मऊ गव्हाला तो ताठपणा नाही म्हणून तिथे अंडं आलं. शेतावरच्या घरात कोंबड्या बाईच्या ताब्यात, अंड्यांचा हिशेब तिचा. त्या घरच्या कारभारणीला तिकडच्या बोलीत 'आझ्दोरा' म्हणतात, आणि तिची परीक्षा एकाच गोष्टीत, लाटण्यात.

पिठाची जी एकच मोठी पातळ चादर लाटतात तिला स्फोल्या म्हणायचं आणि लाटणारीला स्फोलिना. लाटणं जवळजवळ हाताएवढं लांब आणि सगळीकडे सारख्या जाडीचं, आपल्यासारखं मधे फुगीर नाही. पोळपाट म्हणजे टेबलाएवढी फळी. बोलोन्यात म्हणतात की चादर इतकी पातळ हवी की उजेडात धरली तर पलीकडे टेकडीवरचं सान लूकाचं देऊळ दिसलं पाहिजे. मला खानदेशातले मांडे आठवले, हातावर फिरवत फिरवत कोपरापर्यंत नेतात ते. आमच्या बाई चादरीचा अर्धा भाग लाटण्याला गुंडाळायच्या, दोन्ही तळवे मधून कडेला सरकवत पुढे ढकलायच्या, मग पाव फेरी फिरवायच्या, आणि बाकीची चादर फळीच्या काठावरून खाली लोंबत ठेवायच्या म्हणजे तिच्याच वजनाने ती ताणली जाते. मी पोळीच्या सवयीने लाटणं दाबत बसले आणि मधोमध भोक पडलं. बाईंनी काही न बोलता कडेचा तुकडा तोडला, भोकावर ठेवला, अंगठ्याने दाबला, पुढे चल.

हे सगळं लिहून कुणी ठेवलं? इथे पेल्लेग्रिनो आर्तूझी नावाचा गृहस्थ येतो आणि हा माणूस मला फार आवडला. जन्म १८२० चा, बोलोन्यापासून तासाभराच्या अंतरावरच्या फोर्लिंपोपोली गावातला, व्यापारी, स्वयंपाकी नव्हेच. १८५१ च्या जानेवारीत पास्सातोरे नावाच्या दरोडेखोराच्या टोळीने गावातल्या थिएटरात शिरून नाटक बघायला आलेल्या लोकांना ओलीस धरलं आणि घरं लुटली, त्यात आर्तूझीच्या घरावरही धाड पडली, एका बहिणीच्या मनावर कायमचा परिणाम झाला, आणि ते कुटुंब गाव सोडून फ्लॉरेन्सला गेलं. तिथे पैसा कमावून झाल्यावर निवांत वयात त्याने पाककृतींचं पुस्तक लिहिलं, १८९१ साली, स्वतःच्या खर्चाने, आधी कुणी छापायला तयार नव्हतं. पहिल्या आवृत्तीत ४७५ पाककृती होत्या आणि १९११ मध्ये तो गेला तोवर ७९० झाल्या, कारण वाचणाऱ्या बायका देशभरातून पत्रं पाठवायच्या, हे असं नाही तसं करून बघा. इटली एक देश होऊन तेव्हा तीसेक वर्षं झाली होती आणि बहुतेक लोक घरात आपापली बोलीच बोलत, त्यामुळे 'इटालियन स्वयंपाक' नावाची गोष्ट आहे हे या पुस्तकाने लोकांना सांगितलं असं म्हणायला हरकत नाही. पुस्तकाचे हक्क त्याने मृत्युपत्रात कुणाला दिले, तर घरी स्वयंपाक करणाऱ्या मारिएत्ता साबातिनी आणि फ्रांचेस्को रुफिल्ली यांना. एवढं तरी केलं! आता फोर्लिंपोपोलीत २००७ पासून कासा आर्तूझी नावाचं केंद्र आहे, तिथे लाटायला शिकवणाऱ्या बायकांना मारिएत्ता म्हणतात, तिच्याच नावावरून.

गंमत म्हणजे आर्तूझीच्या 'बोलोन्या पद्धतीच्या' मॅकरोनीच्या सॉसमध्ये टोमॅटो नाही. टोमॅटो अमेरिकेतून सोळाव्या शतकात युरोपात आला, आपल्याकडे मिरची आली तशाच समुद्री वाटांनी, आणि त्याला ताटात नीट जागा मिळायला खूप वेळ लागला.

विसाव्या शतकात मात्र हे सगळं घरातून सुटायला लागलं. दुसऱ्या महायुद्धानंतर कारखाने आले, पोरं शहरात गेली, बायका नोकरीला लागल्या, पाकिटातला पास्ता स्वस्त झाला, तास दीड तास लाटत कोण बसणार. त्या भागातली शेती निम्म्या वाट्याची होती, मालकाची जमीन आणि कुळाचे कष्ट, उत्पन्न अर्धं अर्धं, आपल्याकडे बटईने करतात तशी. १९६४ च्या कायद्याने तसे नवे करार बंद झाले, माणसं आधीच निघून चालली होती आणि टस्कनी-एमिलियात दगडी घरं रिकामी पडली. आणि बघा, घरात लाटणं कमी व्हायला लागलं तेव्हाच कागदावर नियम यायला लागले. १९७२ साली बोलोन्याच्या चेंबर ऑफ कॉमर्समध्ये टालियातेल्लेची, म्हणजे त्या चादरीच्या कापलेल्या लांब पट्ट्यांची, अधिकृत रुंदी जमा केली, शिजल्यावर ८ मिलिमीटर, म्हणजे तिथल्या आझिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा १२,२७० वा भाग, आणि त्या मापाची सोन्याची पट्टी काचेत ठेवली. १९७४ मध्ये तोर्तेल्लिनी नावाच्या छोट्या भरलेल्या पास्त्याचं सारण, १९८२ मध्ये रागूची, म्हणजे पास्त्यावरच्या मांसाच्या सॉसची पाककृती, ज्यात दूध पडतं हे वाचून मला धक्काच बसला होता. जी गोष्ट रोज घरोघरी होते तिची नोंद ऑफिसात करायला कुणी जात नाही, आपण तरी कुठे पुरणपोळीचा व्यास रजिस्टर केलाय.

गाईड लोक टालियातेल्लेबद्दल अजून एक सांगतात, की १४८७ च्या एका राजेशाही लग्नात लुक्रेत्सिया बोर्जियाच्या सोनेरी केसांवरून खानसाम्याला ही कल्पना सुचली. आम्हालाही सांगितली. ती कथा १९३१ मध्ये आउगुस्तो मायानी नावाच्या बोलोन्याच्या विनोदी चित्रकाराने रचलेली आहे, आणि त्या लग्नातली नवरी बोर्जिया नव्हतीच, ती लुक्रेत्सिया देस्ते. नाव एक म्हणून खपून गेली.

आणि मग क्लास. त्याची सुरुवात इटलीत कमी आणि न्यूयॉर्कमध्ये जास्त झाली. मार्चेल्ला हाझान, जन्म १९२४, चेझेनातिको, म्हणजे आर्तूझीच्याच पट्ट्यातली, शिक्षण विज्ञानातलं, पार डॉक्टरेट. १९५५ मध्ये लग्न करून न्यूयॉर्कला गेली तेव्हा स्वयंपाक येत नव्हता. तिथे चायनीज शिकायच्या क्लासला गेली, तो बंद पडला तेव्हा बरोबरच्या बायका म्हणाल्या मग तूच तुमचं इटालियन शिकव की. १९६९ पासून ती घरातच शिकवायला लागली, पुढे वर्तमानपत्रात लिहून आलं, पुस्तकं आली, आणि सत्तरच्या दशकात तिने अमेरिकन विद्यार्थ्यांना थेट बोलोन्यालाच आणून शिकवायला सुरुवात केली. नंतर व्हेनिसला स्वतःच्या घरी क्लास, आणि आधी विद्यार्थ्यांना घेऊन रियाल्तोच्या बाजारात चक्कर, मासा कसा ओळखायचा, आर्टिचोक कोणता घ्यायचा. फ्लॉरेन्समध्ये जुलियानो बुजाल्लीने १९७३ मध्ये इंग्रजीतून क्लास सुरू केला. आधी बाजार मग ओटा, या आजच्या चार तासांच्या साच्याची मुळं मला इथेच दिसतात. फरक एवढाच की तेव्हा लोक आठवडाभर शिकायला यायचे आणि आपण दुपारची ट्रेन पकडायची असते.

त्या रिकाम्या दगडी घरांचं काय झालं, तर १९८५ मध्ये आग्रितुरिझ्मोचा कायदा आला, शेतकऱ्याने शेती चालू ठेवून पाहुणे ठेवायचे, जेवण द्यायचं. आपल्याकडच्या कृषी पर्यटनवाल्यांना हे मॉडेल ओळखीचं वाटेल. पाहुणा राहिला की विचारतो हे कसं केलं, मग झालाच क्लास. त्यात १९८६ ला रोमच्या स्पॅनिश पायऱ्यांजवळ मॅकडोनाल्ड्स उघडलं, कार्लो पेत्रिनी आणि मंडळींनी विरोध केला, त्यातून स्लो फूड चळवळ उभी राहिली आणि आजीच्या हातचं खाणं ही एकदम भूमिका घेण्याची गोष्ट झाली. २००४ मध्ये बोलोन्यातच समाजशास्त्राच्या प्राध्यापक एजेरिया दि नाल्लो यांच्या पुढाकाराने घरात पाहुण्यांना जेवू घालणाऱ्या गृहिणींचं चेझारिने नावाचं जाळं सुरू झालं. नंतर ॲप्स आले आणि जो तो 'नॉन्ना' म्हणजे आजी झाला. डिसेंबर २०२५ मध्ये इटालियन स्वयंपाकाला युनेस्कोच्या यादीत जागा मिळाली, ती बैठक भरली होती आपल्या दिल्लीत, लाल किल्ल्यात, आणि त्याच बैठकीत आपली दिवाळीही त्या यादीत गेली.

आमच्या बाईंना मी विचारलं, हे आजीकडून शिकलात का. त्या हसल्याच. म्हणाल्या आजी लाटायची पण मी लहान होते, आई बँकेत, आमच्या घरी पाकिटच यायचं, मीही पंचवीस वर्षं अकाउंट्समध्ये काढली, रिटायरमेंट जवळ आली तेव्हा तीन महिन्यांचा कोर्स केला, फी भरून. मनगटाला पट्टा होता त्यांच्या, रोज दोन बॅच घेऊन घेऊन.

जाणाऱ्या शाकाहारी मंडळींसाठी एक राहिलंच: रिकोट्टा नावाचं मऊ चीज भरलेले तोर्तेल्लोनी मागितले की सारणात मांस नसतं, पण वरून आणि बहुतेक वेळा आतही पार्मिजानो चीज पडतं आणि ते वासराच्या पोटातल्या रेनेटशिवाय (दूध घट्ट करणारा पदार्थ) नियमानेच बनत नाही, पुढे शेजारच्या रोमान्या भागात पियादिना नावाची पोळी खाल्लीत तर कणकेत डुकराची चरबी आहे का तेही विचारा, तिला 'स्ट्रुत्तो' म्हणतात. बुकिंग करतानाच मेल टाका, ऐन टेबलावर विचारलंत तर बाई बिचाऱ्या कानकोंड्या होतात.